विहिरीच्या राजाचं शेवटचं वाक्य

खोटं नाही सांगत, त्या दुपारी माझ्या हातातला चहाचा ट्रे पडला नाही हेच नवल. सासूच्या हाताखाली या धंद्यात आले तेव्हापासून ट्रे कधी पाडला नाही, भूकंपातसुद्धा नाही. पण त्या दुपारी वरच्या खोलीच्या दाराशी मी जे ऐकलं, ते ऐकून तिथंच जिन्यावर फतकल मारून बसले. अजून आठवलं की अंगावर काटा येतो.

युशिमाच्या चढावर आमचं ओगुराया आहे. जुन्या पद्धतीचं लॉज, लाकडी जिना, चटयांच्या खोल्या, मागे हातभर अंगण. आमच्याकडे प्रवासी येत नाहीत, लेखक येतात. येतात कसले, आणून टाकतात. टीव्हीची मालिका अर्ध्यावर आली आणि स्क्रिप्ट काही पुढे सरकेना, की निर्माता लेखकाला गचांडी धरून आमच्याकडे आणतो आणि खोलीत बसवतो. लिहून होईस्तोवर बाहेर पडायचं नाही. या धंद्यात त्याला ‘डब्यात घालणं’ म्हणतात, मासे डब्यात घालतात ना, तसं. आणि मी त्या डब्याचं झाकण! कोण मागच्या दारानं सटकतोय, कोण आंघोळीच्या नावाखाली झोपा काढतोय, सगळ्यावर माझी नजर. एका नामांकित बाप्याला मी अंगणाच्या भिंतीवरून पाय धरून खाली ओढलाय. नाव नाही सांगत, नातवंडं आहेत त्याला.

कुसाकाबे तोवाकोबाई मात्र कधी पळाल्या नाहीत. पहिल्यांदा आल्या तेव्हा त्यांना काळं कुत्रं विचारत नव्हतं. दुसऱ्यांच्या मालिकांची डागडुजी करायच्या, नाव कुठंच यायचं नाही. मग त्यांनी एका कोल्ह्याची गोष्ट लिहिली. पावसात छत्री मागायला आलेला कोल्हा माणूस होतो आणि एका शिंपिणीच्या घरी राहतो. चॅनलवाले खो-खो हसले. ‘कोल्हा आणि प्रेम? कोण बघणार?’ दुसऱ्या कुणाची मालिका ऐनवेळी बारगळली म्हणून यांची लागली. आणि मग काय विचारता! आमच्या गल्लीतला टोफूवाला आठच्या आत गाडा आवरून घरी पळायला लागला.

त्यातलं एक वाक्य तर देशभर गाजलं. कोल्हा चुलीपाशी बसलाय, ती शिंपीण दमूनभागून कामावरून येते, आणि तो म्हणतो, “तू आलीस, की या घराला दार आहे हे कळतं.” बस, एवढंच. पण पोरी वेड्या झाल्या. लग्नपत्रिकांवर छापलं, हात पुसायच्या पंच्यांवर छापलं. माझा नवरा जिवंत असता तर मी त्याच्याकडून घोकून घेतलं असतं.

त्यानंतर ‘धुक्यातला भाडेकरू’. एका बाईच्या माडीवर धुकं भाड्यानं राहतं, रात्री त्याचा पुरुष होतो. त्या बाईचं बाळ जन्मतानाच जातं, आणि तो धुक्याचा माणूस तिला म्हणतो, “नाव ठेवू या. हाक मारायला नव्हे, आठवायला.” मी टॉवेलात तोंड खुपसून रडले होते. त्याच सुमारास आमच्या अंगणात मांजराचं बेवारशी पिल्लू आलं आणि दोन दिवसांत गेलं. कामवाली मुसमुसायला लागली, तर मी मोठ्या तोऱ्यात तेच वाक्य तिला ऐकवलं आणि पिल्लाचं नाव मुळा ठेवलं, कारण पांढरंफटक होतं. आम्ही दोघी रडता रडता हसलोसुद्धा. हे लक्षात ठेवा. मला तर विसरता येत नाही.

तर सांगायचं म्हणजे, बाईंची ख्याती अशी होती. देवादिकांच्या, भुताखेतांच्या तोंडी त्या अशी वाक्यं घालायच्या की ऐकणाऱ्याला वाटावं, हे कुणीतरी खरंच कुणाला म्हटलेलं आहे. बाकीचे लेखक अडले की ठिपके घालतात. आमच्या इथल्या स्क्रिप्टमध्ये गप्प बसणंही लिहून द्यावं लागतं, पात्राचं नाव लिहायचं आणि पुढे नुसते ठिपके. बाईंना त्याची चीड. “ठिपके म्हणजे आळस, मालकीणबाई,” म्हणायच्या. “मी पैसे शब्दांचे घेते.”

आणि या बाई अडल्या. ‘विहिरीचा राजा’ ही मालिका तेव्हा चालू होती. जुन्या विहिरीतला जलदेव मिओ नावाच्या मुलीत जीव गुंतवून बसलेला. शेवटच्या भागात मिओ गाव सोडून निघते, आणि राजाला एकच वाक्य बोलायची मुभा असते. त्या वाक्यावर ती थांबणार किंवा जाणार. ते वाक्य काय असेल म्हणून वर्तमानपत्रांत चर्चा, केस कापायच्या दुकानात चर्चा. आणि बाई वर खोलीत नुसत्या पेन्सिलींना टोकं करतायत! निर्माता नागुमो खाली माझ्या फडताळाला टेकून बसायचा, घाम पुसत.

“मालकीणबाई, काही हललं का हो वर?”

“हललं की. पेन्सिलीची भुकटी.”

“थट्टा नका करू. माझी नोकरी आहे त्या वाक्यावर.”

“तुझी नोकरी गेली तर माझ्याकडे भांडी घासायला ये. हात तसेही ओलेच असतात तुझे.”

बाईंचे यजमान शिन्साकु एक दिवसाआड यायचे. डब्यात घातलेल्या लेखकाचे धुतलेले कपडे घरच्या माणसानं आणायचे, ही रीतच आहे. रुमालात बांधलेलं गाठोडं, सोबत गोड टोफूच्या पुडीत भरलेला भात, त्यांनी स्वतः केलेला. दारात वाकून गाठोडं ठेवायचे आणि “सांभाळा तिला” एवढं म्हणून जायचे. वर कधी गेले नाहीत. पाणीपुरवठा खात्यात होते. रात्री रस्ते शांत असताना जमिनीला लांब दांडी लावायची, दुसऱ्या टोकाला कान, आणि खाली नळ कुठं गळतोय ते ओळखायचं, हे त्यांचं काम. आता निवृत्तीला आले होते. मला हा माणूस मनातून आवडायचा नाही. मी मनात म्हणायचे, बायको अख्ख्या देशाला प्रेमाचं बोलायला शिकवते आणि हा ठोंब्या दोन शब्द नीट बोलत नाही. दिव्याखाली अंधार!

तर त्या दुपारी ते आले, आणि माझी सटकली. नागुमो बाहेर फोनवर वरिष्ठांच्या शिव्या खात होता. मी गाठोडं घेतलंच नाही.

“अहो कुसाकाबेसाहेब, आज तुम्हीच द्या वर नेऊन.”

“नको. ती कामात आहे.”

“कसलं डोंबलाचं काम! बायको वर सुकून चाललीय. जरा जाऊन चार शब्द बोला. तुमच्या तोंडाला काय कुलूप घातलंय का?”

त्यांनी गाठोडं या हातातून त्या हातात घेतलं. मग म्हणाले, “मालकीणबाई, वर गेलो तर बोलावं लागेल.”

“मग बोला की! बोलून कुणी मेलंय का?”

आणि मी, ही शहाणी, त्यांना बाहीला धरून जिन्यापर्यंत घेऊन गेले. ते वर गेले. मी चहा केला आणि ट्रे घेऊन मागोमाग निघाले. हो, ऐकायलाच निघाले. आमची दारं कागदाची आहेत, कान काय माळ्यावर ठेवू? दाराला बोटभर फट होती. आत बाई बैठ्या टेबलाशी, समोर कोरा कागद.

“अय्या, तुम्ही? बसा. एवढं वाक्य जमलं की...”

“तोवाको, पुढच्या आठवड्यात मी तोसाला चाललोय. दादाच्या घरी.”

“बरं. किती दिवस?”

“राहायला.”

बाईंनी पेन्सिल खाली ठेवली. मला वाटलं, माझी ऐकण्यात चूक झाली.

“राहायला म्हणजे? अहो... कुणी आहे का?”

ते चक्क हसले. “माझं कोण असणार? मी बोलतो तरी का कुणाशी?”

“तेच म्हणते मी! इतकी वर्षं तुम्ही कधी काही बोलला नाहीत. आणि आज एकदम येऊन सांगताय, चाललो?”

“बोलायचो गं. आठव. स्टेशनच्या मागे आपली एक खोली होती. तू दुसऱ्यांची लिखाणं सुधारून अर्धमेली होऊन यायचीस. एकदा मी चुलीवर सार ढवळत होतो आणि म्हटलं, तू आलीस की या घराला दार आहे हे कळतं.”

अगं बाई! माझ्या पायाखालची जमीनच सरकली. पंच्यावर छापलेलं, लग्नपत्रिकांवरचं, माझं लाडकं वाक्य, ते या ठोंब्याचं?

“टीव्हीवर पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला आनंदच झाला,” ते म्हणाले. “मग एकदा तू उशिरा आलीस, ते पुन्हा ओठांवर आलं, आणि मी गिळलं. म्हटलं, आता हे मी म्हटलं तर कोल्ह्याची नक्कल होईल. खात्यातली पोरं तेच म्हणून एकमेकांना चिडवायची. मीही हसायचो त्यांच्यात.”

बाई टेबलावरची पेन्सिलीची भुकटी बोटानं गोळा करत राहिल्या.

“तेवढ्यावर भागलं असतं तर मी विसरलो असतो. पण बाळाच्या वेळचं...”

“नका,” बाई म्हणाल्या. “नका ना बोलू ते.”

“दवाखान्यात तू भिंतीकडे तोंड करून पडली होतीस. मी म्हटलं, नाव ठेवू या. हाक मारायला नव्हे, आठवायला. आपण ठेवलं. ते नाव तेवढं तू टीव्हीला दिलं नाहीस, तुझे उपकार आहेत.”

हेच ऐकलं आणि मी जिन्याच्या वरच्या पायरीवर, दाराच्या फटीलगतच बसले. ट्रे मांडीवर घट्ट धरला होता, कपातला चहा डुचमळत होता. मला दुसरं काही सुचेना, डोळ्यांसमोर नुसतं ते मांजराचं पिल्लू. मुळा! कुणाच्या मेलेल्या लेकरासाठी बोललेलं मी अंगणात मांजरावर उधळलं होतं, आणि वर हसले होते. माझी मलाच शिसारी आली. आणि मी एकटी का? सगळा देश ते वाक्य तोंडात घोळवत हिंडत होता, आणि ज्याचं होतं तो जमिनीला कान लावून गळके नळ शोधत होता.

आत बाईंचा आवाज आला, फाटलेला. “मला तेव्हाच का नाही सांगितलंत?”

“सांगितलं असतं तर तेही मालिकेत आलं असतं.”

“अहो, मला ते इतकं आवडलं म्हणून लिहिलं! जगात एवढं सुंदर मला कुणी...”

“माहीत आहे. म्हणून तर कधी भांडलो नाही. पण मला बोलायचंय आता. म्हातारपणी जेवताना काहीबाही बरळायचंय. मासा खारट झाला, आज पाय दुखतोय, तुझी आठवण आली, असलं काहीही. घरात बोललेलं घरातच राहील असं घर पाहिजे मला.”

मग ते थोडं पुढे झुकले आणि बाईंना आणखी एक वाक्य म्हणाले, हळू. मी ऐकलं ते. नाही, इथं सांगणार नाही. एवढंच सांगते, राजाला जे वाक्य हवं होतं ते तेच होतं. ऐकणाऱ्या बाईनं जन्मात कुठं जाऊ नये असं वाक्य.

आणि मी फटीतून बघते तो काय! बाईंचे डोळे त्यांच्यावर, गालांवर पाणी, आणि उजवा हात मात्र टेबलावर चाचपडत पेन्सिलीकडे चाललेला. आपला आपण! बोटांनी पेन्सिल उचलली आणि टोक कागदावर टेकलंसुद्धा.

शिन्साकुनी ते बघितलं. रागावले नाहीत, तेच मला सहन होईना. म्हणाले, “घे, लिही. तुला लागणारच आहे.”

बाईंनी स्वतःच्या हाताकडे बघितलं. झुरळ बघावं तशा घाबरून बघत होत्या. ते उठले, गाठोडं भिंतीशी ठेवलं आणि बाहेर आले. जिन्यावर मी बसलेली.

“मालकीणबाई, चहा सांडला का अंगावर? भाजलं तर नाही ना?”

बोलून कुणी मेलंय का, म्हणाले होते ना मी? माझी जीभ झडली कशी नाही! मी बाजूला सरकले. ते नेहमीसारखे दारात वाकले, “सांभाळा तिला” म्हणाले आणि चढ उतरून गेले.

मी आत धावले. “अहो बाई, जा त्यांच्या मागे! मी कुणाला काही बोलत नाही, मागचं दार उघडून देते.”

“जाऊन काय बोलू?” बाई म्हणाल्या. “माझ्याकडे जे चांगलं बोलायला आहे, ते सगळं त्यांचंच आहे.”

दुसऱ्या दिवशी त्यांनी शेवटचा भाग लिहून खाली आणला. नागुमोनं अधाशासारखा हिसकावून घेतला आणि उभ्या उभ्याच पानं उलटत शेवटाला आला. त्याचा चेहरा पांढरा पडला. मी त्याच्या खांद्यावरून डोकावले. पानावर ‘राजा’ लिहिलेलं, पुढे ठिपके. खाली ‘मिओ’, पुढे ठिपके. परत राजा, परत ठिपके.

“बाई, वाक्य राहिलंय.”

“नाही राहिलेलं.”

“अहो, सगळा देश वाक्याची वाट बघतोय! जाहिरातीत सांगितलंय आम्ही, शेवटचं वाक्य चुकवू नका म्हणून! माझ्या घरी बायकोनं विचारून विचारून...”

“राजा ते मिओला म्हणाला. मिओनं ऐकलं. देशाचा काय संबंध?”

“तुम्हाला पुन्हा कुणी काम देणार नाही, बाई. मी धमकी देत नाही, हात जोडतोय.”

“नका देऊ.”

“मालकीणबाई, तुम्ही तरी समजवा यांना!”

मी म्हटलं, “तू आधी नाक पूस.” त्याला वाटलं मी थट्टा करतेय. पण मला थट्टा सुचत नव्हती. एरवी मीच सगळ्यांच्या पुढे होऊन त्या वाक्यासाठी हटून बसले असते. ते मला ठाऊकही होतं, अगदी शब्दन् शब्द. नागुमोच्या कानात सांगितलं असतं तर तो माझ्या पाया पडला असता. मी तोंडात लोणच्याच्या मुळ्याचा तुकडा कोंबला आणि स्वयंपाकघरात गेले.

चित्रीकरण दुसऱ्याच दिवशी होतं, बदलायला वेळ नव्हता. तसंच गेलं.

पुढच्या आठवड्याच्या रविवारी आठला नागुमो, बाई आणि मी, आम्ही तिघं माझ्या बैठकीत टीव्हीसमोर बसलो. शिन्साकु तोसाला जाऊन पोचले होते. घरी कुणी नाही म्हणून बाई ओगुरायातच राहिल्या होत्या. शेवटचा प्रसंग आला. मिओ विहिरीच्या काठाशी उभी, खांद्याला पिशवी. राजा पाण्यातून वर आला. त्यानं तोंड उघडलं. आणि नुसता पाण्याचा आवाज, थेंबाथेंबाचा. त्याचे ओठ हलत होते, ती ऐकत होती, आणि आपल्याला ओ का ठो कळत नाही! मिओनं हळूच पिशवी खाली ठेवली. तिथंच संपलं.

नागुमोच्या खिशातला फोन किंचाळायला लागला. चॅनलवर लोक फोनवर फोन करत होते. आवाज गेलाय म्हणून तक्रारी, आमचं वाक्य कुठं म्हणून शिव्या. तो “हो साहेब, माफ करा साहेब” करत भिंतीला वाकून नमस्कार घालत बाहेर पळाला.

बाई हलल्या नाहीत. म्हणाल्या, “संपलं माझं, मालकीणबाई. ते बघत नाहीत माझ्या मालिका. त्या धुक्यानंतर एकही बघितलेली नाही.”

मी आपली त्यांच्या पाठीवरून हात फिरवत राहिले. तेवढ्यात आमचा फडताळावरचा फोन वाजला. मला वाटलं, कुणीतरी शिव्या घालायला इथला नंबर शोधला. कंबर कसूनच उचलला. “ओगुराया! काय आहे?”

“कुसाकाबे बोलतोय. आत्ता बघितलं. ती आहे का?”

मी रिसिव्हर बाईंच्या हातात दिला. बाई उभ्यानं ऐकत होत्या. ते बरंच बोलत होते. ऐकू येत नव्हतं, पण आवाजाची गुणगुण येत होती, थांबतच नव्हती. इतकं बोलतो हा माणूस! बाई नुसतं “हं... हं...” म्हणत होत्या. मध्येच रडत हसल्या.

फोनशेजारी निरोप टिपायला आम्ही पेन्सिल ठेवतो, दोऱ्यानं बांधलेली. माझी नजर तिथं गेली आणि काळजात धस्स झालं. बाईंचा उजवा हात अगदी तिच्याजवळ होता. बोटं हलली. बाईंनी हात उचलला, कमरेला घट्ट बांधलेल्या किमोनोच्या पट्ट्यात मनगटापर्यंत खोचला आणि संपेपर्यंत तसाच दाबून धरला.

फोन ठेवल्यावर त्या म्हणाल्या, “उद्या पहाटे चहा द्याल? तोसाची गाडी पकडायचीय.”

“देते की. आणि परत?”

“बघू. ते तिथला नळ दुरुस्त करतायत. गळत होता म्हणे.”

आता मला गप्प बसवतंय का? आयुष्यभराची खोड. “पण बाई, एवढा वेळ काय म्हणत होते हो?”

बाईंनी पट्ट्यातून हात काढला, चोळला, आणि माझ्याकडे बघून हसल्या.

“ठिपके, मालकीणबाई,” म्हणाल्या. “नुसते ठिपके.”